मळीला वाट

तानाबाई गोष्ट सांगायला लागली की शेजारच्या चिमणाबाईच्या पाट्यावरचा वरवंटासुद्धा थांबतो, असं लोक म्हणायचे. त्यात थोडं तिखटमीठ असेल. पण पोरं म्हशी पाण्यात घालून काठाला बसायची, म्हशी मनसोक्त डुंबून आपल्याआपण घरची वाट धरायच्या आणि तरी पोरांचा पत्ता नसायचा, एवढं मात्र खरं.

ओढा पन्हाळ्याच्या उतारावरनं यायचा. तानाबाईच्या घरामागं त्याला वळण होतं. वळणावर करंजाची दाट सावली, सावलीखाली डोह. ऐन उन्हाळ्यातही डोहात कमरेएवढं पाणी असायचं, आणि ते इतकं नितळ की वाळूवरनं पळणारा खेकडा दिसायचा आणि त्याच्याबरोबर पळणारी त्याची सावलीही दिसायची. काठच्या वाळूत उकरलेल्या झऱ्याचं पाणी अर्धी आळी प्यायची.

गोष्टी तिच्या कुठल्या पुस्तकातल्या नव्हत्या. पाटीवरचं अक्षर तिला कधी कळलं नाही. पण पंचक्रोशीत कुठं टाळ-चिपळी वाजली की तानाबाई बायकांच्या पुढच्या ओळीला हजर. बुवा जे सांगतील ते पदरात बांधून आणायची आणि पोरांपुढं सोडताना त्यातली माणसं काढून ओढ्यातली जनावरं घालायची. बुवांचा राजा तिच्याकडं कासव व्हायचा, ऋषी बेडूक व्हायचा, आणि दारी आलेला अतिथी हमखास बगळा.

"एकदा काय झालं," ती सांगायची, "गगनबावड्याकडनं एक लंगडा बगळा आला. तिकडं पाऊस लई. घरटं व्हावून गेल्यालं, पाय मोडल्याला. आला आणि आपल्या डोहाच्या कडंला हुबा ऱ्हायला. मासं म्हणालं, ह्याला हाकला, ह्यो आमास्नी खातोय. बेडकं म्हणाली, ह्यो आपल्यातला न्हवं. सगळी मिळून गेली कासवाकडं. कासव म्हणालं, आदी त्येला इचारा, जेवलास का. मग हाकला."

"मग?" चिमणाबाईची नात राजाक्का विचारायची. ती सगळ्यांत पुढं बसायची, अगदी तानाबाईच्या गुडघ्याला गुडघा लावून.

"मग काय. इचारायला कोण तयार हुईना. शेवटी खेकडा गेला. म्हणाला, पावणं, जेवलासा का? तर बगळा रडाय लागला. लंगड्याला कोण इचारतंय गं, जेवलास का म्हणून?"

"बगळा कुठं रडतोय?"

"रडतोय की. चोचीवरनं पाणी गळतंय त्ये काय त्येचं नाक व्हय?"

पोरं हसायची. आणि गोष्ट कुठलीही असो, शेवट ठरलेला. "ओढ्याला फाटक न्हाय. आला त्यो ओढ्याचा."

तानाबाईचा नवरा आकाराम हंबीररावांच्या गुऱ्हाळावर मळी काढायचा. रस काहिलीत तापला, वरनं भेंडीचं पाणी पडलं, की रसातली घाण हिरवट फेसासारखी वर येते. ती झाऱ्यानं अलगद उचलायची आणि रसाचा थेंब सांडू द्यायचा नाही. या घाणीला गुऱ्हाळावर मळी म्हणतात. आकारामचा हात त्या कामात मुरलेला. काढलेली मळी तो घमेल्यानं आणून परसातल्या केळीच्या बुडात ओतायचा. केळी तरारून यायच्या. त्याच्या सगळ्या आयुष्यात मळी या शब्दाचा अर्थ तेवढाच होता.

दसऱ्याला सोनं वाटून झालं आणि हंबीररावांनी त्याला बिरदेवाच्या देवळात बोलावलं. गावची चार मोठी माणसं बसलेली. आकाराम उंबऱ्याशी उभा राहिला.

"आत ये की," हंबीरराव म्हणाले. "आकाराम, औंदा आपल्याला मळीला वाट पायजे. तुझ्या रानातनं, बांधाच्या कडंनं. हातभर चर काढायचा, थेट ओढ्यापतोर. तुझं पीक मोडत न्हाय."

"मळीला?" आकाराम हसला. "न्या की मालक. मळीला कोण न्हाय म्हणतंय?"

"तसं नको. उद्या माझी पोरं, तुझी पोरं. देवाफुडं बोलल्यालं बरं. भंडारा उचल."

बेलाचं पान आणि चिमूटभर हळद तळहातावर घेऊन जो शब्द द्यायचा, तो मोडला तर कुळाचा दिवा विझतो. गावात हे कुणी कुणाला शिकवत नाही, दुधातनंच येतं. आकारामला तर उलट मोठेपणच वाटलं. चार माणसांत आपल्याकडनं भंडारा घेतात म्हणजे आपल्याही शब्दाला वजन आहे. त्यानं हात पुढं केला आणि बोलला, "मळीला वाट दिली. चर मुजू देणार न्हाय."

घरी येऊन त्यानं हे सांगितलं तेव्हा तानाबाई हसली. "चार घमेली मळीला भंडारा? त्या मालकाला काम न्हाय. खेकडी तेवढी ग्वाड हुतील आता."

दिवाळी झाली. गुऱ्हाळाची काहील उतरवली गेली आणि त्या जागी कोल्हापुरातनं ट्रकवर ट्रक सामान येऊन पडलं. पत्रे, पाइप, इंजिन, गंधकाची पोती. गुऱ्हाळाची खांडसरी झाली. गूळ बंद, साखर सुरू. आकारामचा झारा गेला आणि त्याला उसाच्या मोळ्या ओढायच्या कामावर घेतलं. त्याचं त्याला फारसं काही वाटलं नाही. मग एक दिवस सकाळी चरातनं मळी आली.

ती फेसासारखी नव्हती. ती काळी होती, घट्ट होती, आणि सरपटत आली. मागनं टाक्या धुतलेलं ऊनऊन पाणी आलं, त्यानं तिला ढकलली, आणि ती बांधाच्या कडेनं डोहात उतरली. वास आधी गोडसर होता. दुपारी आंबट झाला. दुसऱ्या दिवशी मेलेल्या उंदरासारखा झाला आणि मग त्याला नाव उरलं नाही.

तानाबाई डोहावर धुणं घेऊन गेली तर पाणी चहाच्या चोथ्यासारखं. मासे वर आलेले, तोंडं उघडून हवा गिळत. एकेक करून ते कुशीवर पडत होते आणि पांढरी पोटं तेवढी दिसत होती. खेकडी पाण्यातनं बाहेर येऊन काठावर चढलेली, दगडावर, मुळांवर, तिच्या धुण्याच्या शिळेवर. कोरड्या जागी येऊन ती तशीच मेली होती. नांग्या उघड्या. कासव तिला दोन दिवसांनी दिसलं. ते पालथं नव्हतं, उताणं होतं, आणि त्याच्या मानेत किडे वळवळत होते.

ती मागं सरली आणि करंजाच्या बुंध्याशी ओकली.

खांडसरीवरची माणसं मात्र टोपल्या घेऊन आली होती. गुंगलेला मासा हातानं उचलता येतो. जोतीराम मुकादम गुडघाभर काळ्या पाण्यात उभा राहून मासे वेचत होता आणि हसत होता. "तानाक्का, न्हे की चार. आयता बाजार हाय. मालकांची किरपा."

"तुज्या तोंडात घाल ती किरपा," तानाबाई म्हणाली.

पण चिमणाबाईनं मासे नेले, काठची चार खेकडीही नेली. संध्याकाळी वाटीभर कालवण तिनं तानाबाईकडंही धाडलं. राजाक्काच घेऊन आली, वाटीवर पालथी ताटली धरून. तानाबाईनं ताटली उचलली, वास घेतला आणि मसाल्याखालनं तोच वास आला.

"तू खाल्लास?"

"व्हय. दोन खाल्लं. आक्का, ह्यातला खेकडा कुठला गं? बगळ्याला इचारल्याला त्यो?"

वाटी तानाबाईनं उकिरड्यावर ओतली आणि वर माती ओढली. त्या रात्री चिमणाबाईचं घर सारखं आतबाहेर करत होतं. सकाळी राजाक्काचे डोळे खोल गेलेले.

त्या आठवड्यापासनं तानाबाईच्या म्हशीनं ओढ्याचं पाणी सोडलं. काठावर जायची, फुरफुरायची, मागं फिरायची. आकाराम विहिरीवरनं तिला घागरीनं पाणी आणायचा. पण सवयीनं ती एकदा डोहात बसलीच. दुसऱ्या दिवशी डेअरीवरच्या माणसानं दुधाच्या किटलीचं झाकण काढलं, नाक आत घातलं आणि मान फिरवली.

"आकारामतात्या, ह्ये काय आणलंसा? दूध हाय का गटार?"

रांगेतले लोक हसले. मागच्यानं आपली किटली आकारामच्या किटलीपासनं हातभर लांब सरकवली, जणू वास लागतो. आकारामनं किटली उचलली आणि त्याच रस्त्यानं परत आणली. घरी येऊन त्यानं ती उंबऱ्यात ठेवली आणि बसून राहिला. त्याच्या पायांना, घोट्यापासनं खाली, पांढरे फोड आले होते. उसाच्या मोळ्या घेऊन तो रोज चर ओलांडायचा.

"आता तरी मालकास्नी सांगा," तानाबाई म्हणाली. "चर बुजवा."

"भंडारा उचललाय मी."

"तुम्ही मळीला उचललाय. ही मळी हाय व्हय?"

"त्ये तिला मळीच म्हणत्यात. साखर काढून उरतोय त्यो काळा पाक, कारखान्यात त्येलाबी मळीच म्हणत्यात, मी इचारलं. मला काय म्हाईत, मळीबी दोन असत्यात म्हणून?"

"मग त्येनी फसिवलं."

"फसिवलं असंल. शबूद तर माझाच न्हवं का?" आकाराम खाली बघत फोड खाजवत होता. "देवानं शबूद ऐकला. अर्थ कुणी ऐकला?"

तिला त्याचा राग आला नाही. किळस आली. पंचवीस वर्षं ज्या माणसाच्या ताटात वाढलं, त्याच्या पायांचा, पायावरच्या पुवाचा, त्या खाजवणाऱ्या नखांचा, सगळ्याचा तिला वीट आला. आणि आपल्याला असं वाटतं म्हणून स्वतःचाही आला. ती उठली आणि एकटीच हंबीररावांच्या वाटेला लागली.

हंबीरराव खांडसरीच्या अंगणात बाजेवर बसले होते. अंगणात मळीच्या डबक्यावर माश्यांचा काळा थर. हंबीररावांच्या डोक्याशी उदबत्ती लावलेली.

"ये तानाक्का. बस की."

"बसायला आली न्हाय मालक. चर फिरवा. तुमच्या रानातनं न्ह्या, खड्डा काढा, कायबी करा. डोह मेला. पोरं झऱ्याचं पाणी पित्यात. एकेकाला हगवण लागलीया."

"माझ्या रानात खड्डा काढला तर रान जातंय न्हवं का?" हंबीरराव समजुतीनं म्हणाले. "आणि तूच बोलतीस व्हय ह्ये? पोरास्नी काय सांगतीस तू? माझी नातवंडंबी येत्यात तुझ्या गोष्टीला. ओढ्याला फाटक न्हाय, आला त्यो ओढ्याचा. व्हय न्हवं? मग बगळा चालतोय, बेडूक चालतोय, माझी मळी तेवढी का चालंना?"

बाजेभोवतीची माणसं हसली. जोतीराम तर मांडीवर थाप मारून हसला.

आपल्याच तोंडातलं अन्न कुणीतरी काढून, चघळून, परत आपल्या तोंडात कोंबावं तसं तानाबाईला झालं.

"बरं आठवलं," हंबीरराव म्हणाले. "रामनवमीला हितं अंगणात कीर्तन ठेवलंय. जयसिंगपूरचं नृसिंहबुवा येणार. त्येच्या आदी तू पोरास्नी एक गोष्ट सांग. दयेची, मायेची. पोरास्नी साखर वाटू. आपल्याच खांडसरीची."

ती निघाली. मागनं जोतीरामनं आवाज दिला, "तानाक्का, बगळ्याला इचार, जेवलास का म्हणून."

फाल्गुनात झरा काळा झाला. लोकांनी दुसरीकडं वाळू उकरली. तिथंही दोन दिवसांत तेच. राजाक्काची हगवण थांबायची आणि पुन्हा लागायची. चिमणाबाई तिला पाठुंगळी मारून सरकारी दवाखान्यात नेऊन आली. डॉक्टर म्हणाला, पाणी बदला. चिमणाबाई तानाबाईच्या दारात येऊन बसली.

"पाणी बदला म्हणतोय. कापड हाय व्हय बदलाय? लांबच्या हिरीचं पाणी मी म्हातारी किती आणू?" मग तिनं आवाज खाली केला. "तुझ्या दाल्ल्यानं वाट दिली गं तानाबाई. मी कुणाला बोलत न्हाय. पर तुझ्या दाल्ल्यानं दिली."

पोरं आता डोहाकडं येत नव्हती. आली तरी नाक धरून लांब उभी राहायची आणि मेलेल्या खेकड्यांना काठीनं ढोसायची. "आक्का, ह्येची गोष्ट सांग," एक पोरगं काठीच्या टोकाला कवच अडकवून म्हणालं. डोहात राहणारं कुणी उरलं नव्हतं, आणि ज्यांच्यातलं कुणी उरलं नाही त्यांची गोष्ट सांगायची म्हणजे नुसतं साखरेचं पाणी पाजायचं. तानाबाईला आपल्या सगळ्या गोष्टी गोडगिट्ट आणि चिकट वाटायला लागल्या, बोटांना लागलेल्या त्या मळीसारख्या.

रामनवमीला ती गोष्ट सांगायला गेली नाही. पण कीर्तन तिला सुटेना. दुपारी भर उन्हात अंगणात मांडव, पाळणा सजवलेला, सुंठवडा ताटात. नृसिंहबुवा म्हातारे, अंगानं किरकोळ, पण गळा असा की पहिल्या नमनालाच अंगावर काटा यावा. टाळाच्या ठेक्यात ते मान हलवू लागले आणि तानाबाईचे डोळे मिटले. तेवढ्यापुरता वास गेला. आईच्या मांडीवर असल्यासारखं तिला वाटलं.

बुवांनी भूतदया लावली होती. कुत्र्याच्या मागं तुपाची वाटी घेऊन पळणारा भक्त, आणि पाण्यात बुडणाऱ्या विंचवाला वाचवणारा साधू. पण वारं फिरलं. डबक्याकडनं तो भपकारा सरळ मांडवात आला. बुवांनी ओळ अर्धी सोडली, उपरण्याचं टोक नाकाला लावलं, आणि नाकाला उपरणं धरूनच पुढची ओळ म्हटली. जीवाशिवाची ओळ. पुढं बसलेले हंबीरराव डोलत होते. माश्या पाळण्यातल्या रामाच्या तोंडावर बसत होत्या, आणि जोतीराम मोरचेलानं त्या हाकलत होता.

तानाबाईनं डोळे उघडले ते पुन्हा मिटले नाहीत.

जन्म झाला, फुलं उधळली, सुंठवडा वाटला. बुवा घाम पुसत मांडवाच्या मागं पायरीवर बसले होते. तानाबाई पुढं झाली, पायावर डोकं ठेवलं.

"बुवा, एक इचारू का? रागावू नगासा."

"विचार बाई."

"बायका भंडारा उचलत्यात का?"

"नाही. तशी रीत नाही. घरच्या कर्त्या पुरुषाकडून शब्द घेतात. बाईचा शब्द कोण घेतो?"

"मग दाल्ल्यानं उचलला, तर बायकूला लागतोय का त्यो?"

"पुण्यात तिचा अर्धा वाटा म्हणतात..." बुवा म्हणाले आणि थांबले. त्यांनी तिच्या पायांकडं बघितलं. तिच्याही घोट्याला आता फोड होते. मग ते डबक्याकडं बघत हळू म्हणाले, "तुला कुणी विचारलं होतं का बाई, भंडाऱ्याच्या वेळी?"

"न्हाय. देवळाच्या आत कोण घेतंय?"

"मग तू मोकळी आहेस." एवढं बोलून त्यांनी उपरणं पुन्हा नाकाला लावलं, आणि लाजून लगेच काढलं. "मी इथं जेवणार नाही आज. तसं सांगायला मात्र मला धीर होत नाही बघ."

तानाबाईला त्यांची कीव आली आणि मायाही आली.

दुसऱ्या दिवशी उजाडताना ती फावडं घेऊन चरावर गेली. बांधाची माती ओढली आणि चराच्या तोंडात टाकली. पाय मळीत घोट्यापर्यंत रुतत होते, बाहेर काढताना चोखल्यासारखा आवाज यायचा. न्याहारीच्या वेळेपर्यंत तिनं चर बुजवला. वरची मळी तटली, फुगली आणि खांडसरीकडं मागं सरायला लागली.

आकाराम कामावर जाताना थांबला. त्यानं मोळीची दोरी खांद्यावरनं खाली ठेवली.

"ह्ये काय केलंस?"

"मुजवला."

"मी शबूद दिलाय, मुजू देणार न्हाय."

"तुम्ही दिलाय. मी न्हाय. मला कुणी इचारलं न्हवतं."

आकारामनं तिच्या हातातलं फावडं घेतलं आणि चर उकरायला लागला. तिनं टाकलेली माती त्यानं बाहेर काढली. मळी भस्सकन सुटली आणि तिच्या लुगड्यावर उडाली.

दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच. ती बुजवायची, तो उकरायचा. घरात दोघं एका चुलीवरचं खायची, एकमेकांना भाकरी वाढायची आणि बोलायची नाहीत. बांधावर मात्र गाव जमायला लागलं. जोतीराम तर रोज हजर.

"कोण जिंकलं रं आज?" तो विचारायचा. "आकाराम, बायकू तुझी मळी अडवती, जरा तिलाच अडव की."

आकारामचे कान तांबडे व्हायचे. एक दिवस त्याच्या पायाचा फोड फुटला आणि रक्तपू मळीत मिसळला. तो तसाच उकरत राहिला. तानाबाईनं तोंड फिरवलं. माणसं हसत होती आणि माश्या त्या पायावर बसत होत्या. आपण दोघं मिळून गावापुढं आपलीच घाण चिवडतोय, असं तिला वाटलं.

त्या दुपारी राजाक्काला पुन्हा झटका आला. चिमणाबाई रडत आली नाही, नुसती आली आणि म्हणाली, "हात-पाय गार पडल्यात." तानाबाईनं पोरीला मांडीवर घेतलं, मीठ-गुळाचं पाणी चमच्यानं पाजलं, रात्रभर तळपाय चोळले. पहाटे पोरीनं डोळे उघडले. "आक्का, तुझा वास येतोय," ती म्हणाली आणि तोंड दुसरीकडं केलं.

ती उजाडताच उठली. या खेपेला फावडं घेतलं नाही. चरावर गेली, लुगड्याचा काचा घट्ट मारला आणि चराच्या तोंडात, मळीत, मांडी घालून बसली.

मळी गार होती, मग ऊन झाली. ती कमरेपर्यंत आली. पाठीशी तटली, आणि बाजूच्या मातीवरनं थोडी थोडी झिरपायला लागली. वासानं तिला दोनदा ओकारी आली. तिसऱ्यांदा पोटात काही नव्हतं. माश्या तोंडावर बसत होत्या आणि हात काळे असल्यामुळं त्या हाकलता येत नव्हत्या.

आकाराम फावडं घेऊन आला आणि जागीच थबकला.

"ऊठ."

"न्हाय."

"उठतीस का न्हाय?"

"काढा की. शबूद हाय न्हवं? उकरा मला."

फावडं त्याच्या हातात होतं. तो तसाच उभा राहिला. बांधावर माणसं आली, चिमणाबाई आली, पोरं आली. जोतीराम पळत खांडसरीवर गेला, कारण मळी आता मागं सरून अंगणात चढत होती. थोड्या वेळानं हंबीरराव स्वतः आले. त्यांच्या पांढऱ्या धोतराच्या काठाला काळं लागलं होतं. ते सारखं काठ झटकत होते आणि काळं जात नव्हतं.

"आकाराम, काय तमाशा हाय ह्यो? चर मोकळा कर. देवाफुडं बोललायस."

आकारामनं फावडं खाली टेकवलं. मग घसा खाकरला आणि हळूच, पण सगळ्यांना ऐकू येईल असं म्हणाला, "मालक, चर मुजू देणार न्हाय म्हणालो. माती पडली तर माती काढीन. धोंडा पडला तर धोंडा काढीन. बायकू काढीन असं काय मी देवाफुडं बोललो न्हाय."

बांधावर कुणीतरी हसलं, आणि या खेपेला ते हसणं आकारामला नव्हतं.

"मग माझी माणसं काढतील तिला."

"काढा," आकाराम म्हणाला. "परक्याच्या बायकूला हात लावायचा तर लावा. गाव हाय हितं."

हंबीररावांनी जोतीरामकडं बघितलं. जोतीरामनं मळीत बसलेल्या बाईकडं बघितलं आणि नाकावर हात धरून दोन पावलं मागं सरला. कुणाला तिला शिवायचंच नव्हतं. हंबीरराव धोतर झटकत वळले. पाठीमागं अंगणातनं कुणीतरी ओरडत होतं, साखरेच्या पोत्यांत मळी शिरली, पोती उचला.

माणसं पांगली. उन्हं वर आली. तानाबाई तशीच बसून होती आणि तिला कळत होतं की उठलं की मळी सुटणार. संध्याकाळी सुटणार, उद्या सुटणार. पोरं मात्र बांधावर थांबली होती, सगळी नाक धरून. त्यांच्यात राजाक्काही होती, चिमणाबाईच्या कडेवर, चिपाडासारखी.

"आक्का," एक पोरगं नाकातनं म्हणालं, "गोष्ट सांग की."

तानाबाईनं तोंडातली मळी थुंकली. पुन्हा थुंकली. "आज गोष्ट न्हाय," ती म्हणाली. "आज धोंडं आणा. मोठं, उचलंल तेवढं."

एक पोरगं गेलं. एका हातानं नाक धरलेलं आणि दुसऱ्या हातानं पोटाशी धोंडा. त्यानं तो तिच्या बाजूला टाकला, काळं पाणी त्याच्या तोंडावर उडालं, आणि ते शी शी करत पळालं ते दुसरा धोंडा आणायला. मग दुसरं गेलं. मग सगळीच गेली. चिमणाबाईनं राजाक्काला बांधावर ठेवलं आणि लुगड्याच्या ओट्यात दगड भरायला लागली. नुसते दगड पडत होते आणि कुणीतरी मध्येच ओकत होतं.

आकाराम फावडं मांडीवर आडवं घेऊन बांधावर बसला होता. पहिला धोंडा पडला तसा तो उठला, उसाकडं तोंड केलं आणि पाठ चराकडं करून पुन्हा बसला.

"अवं, हिकडं बघा की," चिमणाबाई म्हणाली, "एवढा धोंडा हात लावून द्या."

"मी हिकडंच बघतोय," आकाराम म्हणाला. "मला दिसला तर मला काढाय लागंल." थोड्या वेळानं, मान न वळवता, त्यानं विचारलं, "किती ऱ्हायलंय गं?"

"अजून लई ऱ्हायलंय," चरातनं तानाबाई म्हणाली. "तुम्ही ऊस बघा."